तो तपकिरी गाळ पाण्यातला नव्हेच

सोसायटीच्या ग्रुपवर तो व्हिडिओ पुन्हा फिरतोय. विक्रेता दोन ग्लास मांडतो, एकात नळाचं पाणी, दुसऱ्यात आरओचं. दोन्हींत धातूच्या कांड्या बुडवून यंत्र चालू करतो. मिनिटभरात नळाचं पाणी हिरवट, मग तपकिरी, आरओचं नितळच. खाली ओळ: ‘हे विष तुमची मुलं रोज पितात.’

‘गाळ पाण्यातून निघाला.’ नाही, कांडीतून निघाला. एक कांडी लोखंडाची असते, दुसरी ॲल्युमिनियमची. वीज वाहू लागली की धनाग्राचं, म्हणजे विजेच्या धन टोकाला जोडलेल्या कांडीचं, लोखंड आयन (विद्युतभारित कण) होऊन पाण्यात उतरतं. दुसऱ्या कांडीपाशी, म्हणजे ऋणाग्रापाशी, हायड्रोजनचे बुडबुडे सुटतात आणि हायड्रॉक्साइड आयन तयार होतात. दोन्ही आयन एकत्र आले की हिरवट साका बनतो आणि ऑक्सिजन लागून तपकिरी पडतो. म्हणजे गंजच. हिशेब बारावीचा आहे: अर्धा ॲम्पिअर प्रवाह मिनिटभर म्हणजे 30 कूलोम, त्यात सुमारे 8.7 मिलिग्रॅम लोखंड उतरतं. 200 मिलिलिटरच्या ग्लासात ही संहती लिटरला 43 मिलिग्रॅमच्या घरात जाते. पाणी रंगणार नाही तर काय! कांडीचं आधीचं आणि नंतरचं वजन मात्र व्हिडिओत कुणी दाखवत नाही.

‘आरओचं नितळ राहिलं, म्हणजे शुद्ध.’ त्यात क्षार कमी, म्हणून आयन कमी, म्हणून वीज जेमतेम वाहते. एवढंच. त्यात चिमूटभर, 0.1 ग्रॅम मीठ टाका, तेही रंगेल. साखर टाकून रंगणार नाही. ती विरघळते, पण आयन देत नाही.

‘टीडीएस मीटरवर 300 आलं!’ टीडीएस म्हणजे पाण्यात विरघळलेले एकूण घन पदार्थ. पण मीटर विद्युतवाहकता मोजतो आणि तिला ठरावीक गुणकाने गुणून आकडा दाखवतो. नळाच्या पाण्यात तो आकडा बहुतांशी कॅल्शियम, मॅग्नेशियम, सोडियमच्या क्षारांचा असतो. आयएस 10500 या भारतीय मानकात लिटरला 500 मिलिग्रॅमपर्यंत विरघळलेले घन पदार्थ स्वीकार्य आहेत. दुसरा स्रोत नसेल तर 2000 पर्यंत. उलट आर्सेनिकची मर्यादा 0.01 मिलिग्रॅम. ती दसपट ओलांडली तरी या मीटरला पत्ता लागत नाही, जंतूंचा तर नाहीच.

बोअरचं पाणी खारट असेल, किंवा यवतमाळ-चंद्रपूरकडच्या काही गावांसारखं त्यात फ्लोराइड असेल, तर आरओ जरूर घ्या. पण ते प्रयोगशाळेच्या अहवालावरून ठरवा.

आणि व्हिडिओतलं ते कांड्यांचं यंत्र घरी जुळवू नका. ते घरच्या 230 व्होल्टवर चालतं. प्रयोग करून बघायचाच असेल तर आरओचं पाणी, चिमूटभर मीठ, दोन लोखंडी खिळे आणि 9 व्होल्टची बॅटरी पुरे. थोडा वेळ जास्त लागेल, रंग तोच येईल.