तीस एकरांची गाय

सुगी उरकली की आमच्या गावच्या ग्रुपवर तो मेसेज हटकून फिरतो: "एक देशी गाय पाळा, ३० एकर शेती बिनखर्चात करा. चारा रानातलाच, खताला रुपया नाही, वर घरचं दूध." ३० एकरांचा आकडा सुभाष पाळेकरांच्या नैसर्गिक शेतीतून आलेला, बाकीची फोडणी पुढे पाठवणाऱ्यांची. दावणीला जनावर असलंच पाहिजे, या मताचा मी. म्हणूनच हा मेसेज जास्त खटकतो.

आधी ते ३० एकर. गाय दिवसाला १० किलो शेण टाकते, एकराच्या जीवामृताला (शेण, गोमूत्र, गूळ, बेसन पाण्यात आंबवून रानात सोडायचं द्रावण) १० किलोच लागतं, म्हणून महिन्याला ३० एकर, असा हा हिशेब. आता त्या २०० लिटरच्या पिंपात डोकावू. १० किलो ओल्या शेणात ८ किलो पाणीच. नत्र, म्हणजे नायट्रोजन, ४०-५० ग्रॅम. गोमूत्रातून फार तर १०० ग्रॅम, दोन किलो बेसनातून सत्तरेक. (बेसन आणि गूळ विकतचं, ते जाऊ द्या.) हंगामात चार वेळा सोडलं तरी किलोभर भरत नाही. आणि एकरी ८ क्विंटल ज्वारी पिकली, तर नुसत्या दाण्यांतून १२-१३ किलो नत्र रानाबाहेर जातो. कडब्यातला वेगळा.

यावर ठरलेलं उत्तर येतं: जीवामृत खत नव्हे, विरजण आहे; जीवाणू हवेतला नत्र ओढतात. विरजण कबूल, पण दूध कुठंय? तूर-हरभऱ्याच्या मुळांवरच्या गाठी ते काम चोख करतात, ज्वारीला तशा गाठी नाहीत. स्फुरद (फॉस्फरस) आणि पालाश (पोटॅश) तर हवेत नसतातच. जमिनीत अडकलेला स्फुरद जीवाणू मोकळा करतात हे खरं, पण ते कणगीतून काढणं झालं, भरणं नव्हे.

"पूर्वी युरिया कुठे होता?" असंही विचारतात. नव्हता. पण गायरान होतं. जनावरं दिवसभर गायरानात चरायची आणि रात्री गोठ्यात शेण टाकायची, म्हणजे शंभर ठिकाणचा कस एका उकिरड्यावर गोळा व्हायचा. गाय खत निर्माण करत नाही, वाहून आणते. तेवढ्यानंही भागत नसे, म्हणून धनगराला सांगावा जायचा आणि त्याच्या मेंढ्या रानात बसवल्या जायच्या. रात्रभराच्या लेंड्या-मुताचं मोल धान्यात किंवा पैशात चुकतं व्हायचं. अजूनही पावसाळा संपल्यावर देशावरचे कळप कोकणात उतरतात ते याच व्यवहारावर. एका गाईत भागत असतं तर आपले आजे दुसऱ्याच्या मेंढ्यांना धान्य देण्याइतके भोळे नव्हते.

चारा फुकट हे तर शेतकऱ्यानं लिहिलेलंच नसणार. मध्यम बांध्याच्या गाईला रोज आठेक किलो वाळली वैरण धरा. वर्षाला ३ टन. कोरडवाहू एकरात दीड-दोन टन कडबा निघाला तरी नशीब. म्हणजे दीड-दोन एकरांचा कडबा एकटी गाय खाते. मालदांडी ज्वारी लोक अजून सोडत नाहीत ती भाकरीइतकीच वैरणीसाठी. सोयाबीननं ज्वारीचं रान खाल्लं, तिथं कडबा विकत आणावा लागतो.

दुधाचं थोडक्यात: खिलार ही कामाची जात, वासरू पाजून घरच्या चहापुरतं निघतं. आणि मार्च २०१५ पासून राज्यात बैलांनाही हत्याबंदी लागू झाली, तेव्हापासून भाकड जनावर सांभाळायचा खर्च मेसेजमध्ये कुणी धरत नाही.

मग जनावर पाळायचं कशाला? तर शेणाइतकाच, कधी जास्तही, नत्र मुतात असतो आणि आपल्या गोठ्यात तो मुरमात जिरून जातो. आम्ही जनावरांखाली तुरीचं भुसकट आणि गव्हाणीतली उष्टी वैरण अंथरतो. सकाळी ती ओली, उग्र वासाची गादी फावड्यानं ओढून उकिरड्यात टाकायची, वर मातीचा थर द्यायचा, उन्हाळ्यात पाणी मारायचं. रोहिणीत ट्रॉल्या भरताना आत वाफ असते. एवढं करून दोन बैल आणि एका गाईचं खत आमच्या अडीच एकरांना कसंबसं पुरतं.