मंद प्रकाश: अपवर्तनांक मोठा धरू नका

एका लेखात रंगवलेल्या तबकडीसारख्या सपाट जगात जादूच्या दाट क्षेत्रामुळे प्रकाश ध्वनीइतकाच, म्हणजे सेकंदाला ३४० मीटर चालतो. कल्पना झकास आहे, पण कारण म्हणून दिलेला 'प्रचंड अपवर्तनांक' (पोकळीच्या तुलनेत प्रकाशाच्या लाटा माध्यमात किती पट मंदावतात तो आकडा) अंगाशी येतो. या वेगासाठी तो सुमारे ८.८ लाख लागेल. मग हवेतून सरळ आत येणाऱ्या प्रकाशाच्या दहा लाख भागांपैकी जेमतेम साडेचार आत शिरतील, बाकी सगळा सीमेवरूनच परत. जादूनगरी बाहेरून आरशासारखी आणि आत मिट्ट काळोख!

सुटका आहे. १९९९ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ लेने हाऊ यांच्या गटाने अतिथंड सोडियम वायूत प्रकाशाचा स्पंद (छोटासा झोत) सेकंदाला १७ मीटरवर आणला (ताशी ६१ किमी, म्हणजे आपली एसटी!). तिथे अपवर्तनांक १ च्या आसपासच होता. तरंगलांबीनुसार तो फार झपाट्याने बदलत होता, म्हणून समूहवेग (एकेका लाटेचा नव्हे, तर अख्ख्या स्पंदाचा वेग) घटला. लेखकाने हेच वापरावं. मात्र हे एका अरुंद रंगपट्ट्यातच जमतं, तेव्हा सावकाश सरकणारी पहाट एकाच रंगाची दाखवावी लागेल.

१०,००० किमी रुंदीच्या तबकडीवर ही पहाट पूर्व काठावरून पश्चिमेला पोचायला आठ तास दहा मिनिटं लागतील. आणि वीज-गडगडाट एकदमच येणार, म्हणजे आकडे मोजून विजेचं अंतर काढायची सोय गेली.