१३२ अब्जांचा आकडा आणि नोटांचा छापखाना

पहिल्या महायुद्धाच्या भरपाईपोटी जर्मनीवर १३२ अब्ज सुवर्ण मार्कांचा (सोन्याच्या भावातल्या मार्कांचा) बोजा पडला आणि तो फेडायला नोटा छापल्या, असं लेखात म्हटलंय. पण भरपाईचे हप्ते ठरवणाऱ्या १९२१ च्या लंडन वेळापत्रकाची फोड बघा. 'अ' आणि 'ब' रोखे मिळून ५० अब्ज. उरलेले ८२ अब्जांचे 'क' रोखे जवळजवळ कागदावरचेच, फ्रेंच मतदारांची समजूत घालायला! दुसरं, नोटा छापून ही भरपाई फिटणारच नव्हती. सोनं, परकीय चलन, कोळसा, लाकूड असंच द्यायचं होतं. छापखाना खरा धडधडला तो जानेवारी १९२३ नंतर. तारेच्या खांबांचं लाकूड आणि कोळसा कमी पडला म्हणून फ्रान्स-बेल्जियमचं सैन्य रूर या जर्मनीच्या कोळसापट्ट्यात घुसलं, आणि निषेध म्हणून काम बंद ठेवलेल्या कामगारांचे पगार बर्लिननं नोटा छापून भागवले. नोव्हेंबरात डॉलर ४.२ लाख कोटी मार्कांवर. यात जुनी कर्जं कवडीमोल नोटांत फेडणाऱ्या कर्जदारांची मात्र चांदी झाली, हे लेखात राहिलंच.