क्रोमोडोरिसचा गोनिओब्रँकस का झाला? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

सी स्लगवरच्या, म्हणजे शंख लहान झालेल्या किंवा नसलेल्या समुद्री गोगलगायींवरच्या, माझ्या लेखावर तुम्ही चांगलंच झोडपलं आहे. तुमचे आक्षेप थोडक्यात असे: क्रोमोडोरिससारखी ओळखीची नावं सोडून मी गोनिओब्रँकससारखी नवी अवघड नावं का वापरली? शास्त्रज्ञांना बदलाची हौस असते, म्हणून आपण त्यांच्या मागे का धावायचं? इतका ठळक रंग असलेला प्राणी रंगावरूनच ओळखावा आणि प्रचलित नावाने हाक मारावी. शिवाय सी स्लगना सामावणारा ओपिस्थोब्रँकिया हा जुना गट मोडीत निघाला, हे मी एका ओळीत उरकलं. शेवटचा आक्षेप रास्त आहे, तिकडे येतोच. बाकीचे मला पटलेले नाहीत.

प्रचलित नावांचं आधी बघू. ‘ब्लू ड्रॅगन’ म्हणजे कोण? खुल्या समुद्रात पृष्ठभागाला उलटा लटकून तरंगणारा, पोर्तुगीज मॅन ऑफ वॉर या जेलीफिशसारख्या विषारी प्राण्यावर ताव मारणारा ग्लॉकस अटलांटिकस, हे तुम्ही सांगाल. पण टेरेओलिडिया नावाचा एक लांबुडका सी स्लग आहे, तो तळावर सरपटतो आणि शरीरात सूक्ष्म शैवाल सांभाळून त्यांनी बनवलेल्या अन्नावर बराचसा जगतो. पाणबुडे त्यालाही ब्लू ड्रॅगनच म्हणतात. गप्पांमध्ये चालेल, नोंदवहीत नाही.

आता रंग. खरा गुंता इथेच आहे. क्रोमोडोरिस या भडक रंगाच्या सी स्लगच्या अनेक जाती स्पंज खातात आणि त्यातलं लॅट्रंक्युलिन-ए हे विष अंगावरच्या आवरणाच्या कडेला साठवतात. अंगावरचे भडक पट्टे ही माशांना दिलेली तंबी असते. एकाच परिसरातल्या तीन-चार विषारी जातींनी एकच नक्षी मिरवली, तर माशाला धडा एकदाच शिकावा लागतो आणि फायदा सगळ्यांचा होतो. म्हणजे ती नक्षी माशांच्या नजरेने घडवलेली आहे. कोण कोणाच्या रक्ताचं, हे सांगायची जबाबदारी तिच्यावर नाहीच. २०१८ साली इंडो-पॅसिफिकमधल्या क्रोमोडोरिसचा डीएनए तपासला गेला, तेव्हा दोन्ही प्रकार हाती आले: एकाच जातीचे प्राणी ठिकाणागणिक वेगळ्या नक्षीत, आणि वेगवेगळ्या जाती एकाच ठिकाणी जवळजवळ सारख्या नक्षीत. निव्वळ फोटोवरून ‘हा अमुकच’ असं छातीठोकपणे सांगणाऱ्यांपासून मी तेव्हापासून जरा लांब राहतो. (अल्कोहोलच्या बाटलीत हे रंग उतरून जातात, हे वेगळंच. एकोणिसाव्या शतकातल्या अभ्यासकांना म्हणूनच दातांची पट्टी आणि जननेंद्रियं तपासून काम करावं लागे. ती सवय आजही मोडलेली नाही आणि मोडूही नये.)

आता नावांची ‘हौस’. प्राण्याच्या शास्त्रीय नावाचा पहिला भाग प्रजातीचा (जीनस, म्हणजे जवळच्या जातींचा गट) आणि दुसरा जातीचा (स्पीशीज). दुसरा भाग सहसा टिकतो, कारण जिथे एकाच जातीला दोन नावं पडली असतील तिथे साधारणपणे आधी प्रसिद्ध झालेलं नाव धरायचं असा नियम आहे. मोजणी १७५८ पासून, स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसच्या वर्गीकरणाच्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीपासून सुरू होते. पहिला भाग मात्र नात्याचा दावा असतो. नात्याची समजूत बदलली की तोही बदलतो. फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ कुव्हिएने १८०४ मध्ये ‘डोरिस अट्रोमार्जिनाटा’ म्हणून नोंदवलेला प्राणी पुढे कॅसेला झाला, ग्लॉसोडोरिस झाला आणि आता डोरिप्रिझमॅटिका आहे. चार घरं फिरूनही ‘अट्रोमार्जिनाटा’ तेच राहिलं. आणि प्राण्याच्या नावापुढे कुव्हिएचं नाव आज कंसात लिहितात, तो कंसच सांगतो की त्याने हा प्राणी आधी दुसऱ्या प्रजातीत ठेवला होता.

तुम्हाला खुपलेला बदल २०१२ चा. जॉन्सन आणि गॉसलिनर या अभ्यासकांनी क्रोमोडोरिसच्या कुलाची जनुकीय वंशावळ मांडली आणि दिसलं की क्रोमोडोरिस ही एक फांदी नाहीच, लांबच्या नातेवाइकांची मोट आहे. मग ती सोडवली आणि त्यातल्या काही जाती गोनिओब्रँकसमध्ये गेल्या. पण गोनिओब्रँकस हे नाव त्यांनी घडवलेलं नाही. ते पीस या अभ्यासकाने १८६६ मध्येच दिलेलं होतं आणि अडगळीत पडलं होतं. तुम्ही ज्याला नवं म्हणता ते नाव तुमच्या फील्ड गाईडपेक्षा कितीतरी जुनं आहे! एका बाबतीत मात्र मी तुमच्या बाजूने आहे. विशेषणाचं लिंग प्रजातीनुसार बदलायचं, म्हणून क्रोमोडोरिस जिओमेट्रिका आता गोनिओब्रँकस जिओमेट्रिकस. हा नियम मला निव्वळ जाच वाटतो. प्राणी तोच, शेपूट तेवढी बदलली.

राहिलं ओपिस्थोब्रँकिया. १८४८ मध्ये फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ मिल्न-एडवर्ड्सने हा गट केला तो हृदयाच्या मागे असलेल्या कल्ल्यांच्या आधारावर. शंख लहान होत गेलेले किंवा नाहीसे झालेले बहुतेक सगळे समुद्री गोगलगायवर्गीय त्यात बसले. पण शंख टाकून देणं हे एकदाच घडलेलं नाही, वेगवेगळ्या शाखांनी ते स्वतंत्रपणे केलं आहे. न्यूडिब्रँकच्या (क्रोमोडोरिस, ग्लॉकस ज्यात मोडतात त्या सी स्लगच्या) अळीला आजही शंख असतो, तो पुढे गळून पडतो. डीएनएने आणखी एक धक्का दिला: पानासारखा दिसणारा, शैवालातली हरितलवकं (प्रकाशातून अन्न बनवणारे हिरवे कण) चोरून वापरणारा एलिशिया हा सी स्लग क्रोमोडोरिसपेक्षा जमिनीवरच्या गोगलगायींना जवळचा निघाला. मग ‘सगळे सी स्लग एक घराणं’ म्हणणार कसं? २०११ मध्ये शास्त्रज्ञांनी या गटाला निरोप दिला, त्याचं कारण हे.

आणि बाह्यरूपाने फसण्याचा कळस हवा असेल तर बर्थेलिनिया घ्या. दोन शिंपल्यांचा, म्हणून शिंपलावर्गात टाकलेला. माहीत होती ती बहुतेक रिकामी कवचंच. १९५९ मध्ये कावागुती आणि बाबा या जपानी अभ्यासकांनी जपानमध्ये त्याच्या नात्यातला जिवंत प्राणी दाखवला, तेव्हा दोन शिंपल्यांमधून चक्क गोगलगायीचं डोकं बाहेर आलेलं होतं, शैवालावर सरपटणारं. तोही एलिशियाच्याच गणातला निघाला.

तुमच्या फोटोंखाली कोणतं नाव लिहू, हे तुम्ही शेवटी चिडून विचारलं आहे. खात्री नसेल तर फक्त प्रजातीचं लिहा, जुनं नावही शेजारी राहू द्या, खोडू नका. ठिकाण, तारीख, खोली आणि प्राणी कोणत्या स्पंजावर होता हे न चुकता नोंदवा. पाठीबरोबर कल्ल्यांचा आणि पायाच्या कडेचा फोटो जमला तर उत्तमच.