हप्ता किती, एवढंच विचारा

गृहकर्ज घ्यायचं ठरलंय ना? मग बँकेत किंवा बिल्डरच्या ऑफिसात गेल्यावर एकच प्रश्न विचारायचा : "हप्ता किती बसेल?" दुसरा प्रश्न विचारणारा माणूस संशयी समजला जातो आणि त्याला चहा मिळत नाही. समोरचा एजंट हप्ता सांगेल, तुम्ही मनातल्या मनात पगारातून तो वजा कराल, खाली काहीतरी उरतंय असं दिसेल आणि विषय संपेल. फ्लॅटचे पडदे कोणत्या रंगाचे घ्यायचे यावर घरात तीन रविवार चर्चा होऊ द्या. कर्जाच्या मुदतीला तीन मिनिटं पुरेत.

समजा, ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के व्याज आणि २० वर्षं मुदत. हप्ता ४३,३९१ रुपये. हा आकडा पाठ करा आणि तिथेच थांबा. त्याला २४० ने गुणायचं नसतं. गुणलं तर १ कोटी ४ लाख १४ हजार येतात, म्हणजे घेतलेले ५० लाख आणि वर ५४ लाख १४ हजार व्याज. एखाद्या आगाऊ मेहुण्याने हा गुणाकार भर जेवणात केलाच, तर "तोपर्यंत फ्लॅटची किंमत कुठच्या कुठे गेलेली असेल" असं म्हणून त्याला आणखी एक पुरणपोळी वाढा. फ्लॅटचा भाव वाढला तर त्यात राहून तो वसूल कसा करायचा, हे तो विचारेपर्यंत विषय बदला.

परतफेडीचं वेळापत्रक नावाचा एक कागद असतो, अमॉर्टायझेशन शेड्यूल म्हणतात ते. तो चुकूनही उघडू नका. त्यात पहिल्याच ओळीत लिहिलेलं असतं की तुमच्या ४३,३९१ पैकी ३५,४१७ व्याजात गेले आणि मुद्दल फिटलं ते ७,९७४. वर्षभरात तुम्ही ५ लाख २० हजार भरता आणि कर्ज कमी होतं ते जेमतेम ९९,५०० ने. पाच वर्षांनी २६ लाख भरून झालेले असतात आणि मुद्दलातले ६ लाखसुद्धा पुरते फिटलेले नसतात. दहा वर्षांनी भरलेली रक्कम ५२ लाखांवर जाते, म्हणजे घेतलं त्याहून जास्त, आणि शिल्लक? अजून ३५ लाख. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३ वा हप्ता उजाडावा लागतो. बारावं वर्ष सरत आलेलं असतं तेव्हा.

यात बँकेची लबाडी काही नाही, हे मान्य करायला हवं. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळंच मुद्दल शिल्लक असतं, इतकं साधं आहे ते. पण हे साधं गणित कळलं की माणसाला पहिल्या चार-पाच वर्षांत जादा पैसे भरायची दुर्बुद्धी सुचते. म्हणून कळूच देऊ नका.

हप्ता जड वाटतोय? त्यावर रामबाण उपाय म्हणजे मुदत वाढवणे. हेच कर्ज ३० वर्षांवर नेलं की हप्ता ३८,४४६ वर येतो. दरमहा पाच हजारांची बचत! त्या बदल्यात एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं, पण हे ३४ लाख कुणी तुमच्याकडे एकरकमी मागायला येत नाही, हळूहळू घेतात. उलट १५ वर्षांची मुदत घेणाऱ्या माणसाकडे बघा. बिचारा सहा हजार जास्त, ४९,२३७ भरतो आणि त्याला जेमतेम साडेअडतीस लाख व्याज देण्याचं समाधान मिळतं. तोही त्याच बँकेचा ग्राहक, पण बँकेच्या काय उपयोगाचा?

आता खरी मजा. तुमचा दर बदलता असतो, फ्लोटिंग. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते त्याला), बांधलेली आहेत. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ झाला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. आणि तुमचा हप्ता? एका रुपयानेही वाढला नाही! केवढा हा दिलासा! बँकेने फक्त मुदत वाढवली, तीही तुम्हाला त्रास नको म्हणून गुपचूप. एसएमएस आला असेल, पण तो सेलच्या मेसेजांखाली गाडला गेला.

या दिलाशाचं पोट फाडून बघायचंच असेल तर असं बघा. २०२१ मध्ये ६.७५ टक्क्यांनी ५० लाख, २० वर्षांसाठी, हप्ता ३८,०१८. दीड-पावणेदोन वर्षांत मुद्दल ४८ लाखांवर आलं आणि तेवढ्यात दर ९.२५ झाला. आता महिन्याचं नुसतं व्याजच ३७,००० रुपये. हप्त्यातले मुद्दलाला मिळणार १,०१८. हप्ता तोच ठेवला तर कर्ज फिटायला ४७१ हप्ते लागतात, म्हणजे आणखी ३९ वर्षं. कर्जदार पस्तिशीचा असेल तर चौऱ्याहत्तराव्या वर्षी ऋणमुक्त होईल. प्रत्यक्षात बँक निवृत्तीच्या वयाशी अडते आणि मग एके दिवशी हप्ता एकदम वाढवते. त्या दिवशी मात्र बँकेला शिव्या घालायला मोकळे राहा, कारण मधल्या काळात तुम्ही एकदाही स्टेटमेंट उघडलेलं नाही.

रिझर्व्ह बँकेने या सुखात मिठाचा खडा टाकलाच. ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दर बदलताना बँकेने तुम्हाला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडंथोडं, हे विचारायचं आणि बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जायचा पर्याय द्यायचा; ऑक्टोबर २०२५ पासून हा शेवटचा पर्याय देणं मात्र बँकेच्या मर्जीवर आहे. व्याजसुद्धा भागणार नाही इतका हप्ता अपुरा पडता कामा नये, असंही बजावलंय. शिवाय दर तिमाहीला आजवर किती मुद्दल फिटलं, किती व्याज गेलं, किती हप्ते उरले, हे सांगणारं स्टेटमेंट. ते आलं की 'नंतर वाचू' या फोल्डरमध्ये टाका. पर्याय विचारणाऱ्या पत्राला उत्तर देऊ नका. उत्तर दिलं नाही की बहुधा मुदतच वाढते आणि आपल्याला तेच तर हवंय.

दर खाली येतो तेव्हाही निश्चिंत राहा. २०२५ च्या फेब्रुवारी ते जून या काळात रेपो ६.५ वरून ५.५ वर आला. ज्यांचं कर्ज रेपोला बांधलेलं होतं त्यांना तीन महिन्यांच्या आत फायदा पोचायलाच हवा होता. ज्यांचं जुनं कर्ज अजून एमसीएलआरवर, म्हणजे बँक स्वतःच्या खर्चावरून ठरवते त्या दरावर, किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर आहे, त्यांनी निष्ठा सोडू नये. बदलून घ्यायला एक अर्ज आणि थोडी फी लागते आणि अर्ज भरणं आपल्या रक्तात नाही. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना तर बाहेरच्या दराला बांधून घ्यायचं बंधनच नाही. त्यांचा संदर्भदर त्या स्वतःच ठरवतात. नव्या गिऱ्हाइकाला त्याच कंपनीत तुमच्यापेक्षा अर्धा टक्का कमी लागतोय हे शेजाऱ्याकडून कळलं, तर शेजाऱ्याशी बोलणं बंद करा.

विम्याचं विसरलोच. सँक्शनच्या दिवशी 'हा कंपल्सरी आहे' म्हणत एक फॉर्म पुढे येतो : एकरकमी दीड लाखाचा प्रीमियम, कर्जातच जोडून. आयुर्विमा कर्जासोबत त्याच बँकेतून घ्यायची कायद्याने सक्ती नाही, पण सही करून टाका, वाद कशाला. या दीड लाखाचेही २० वर्षांत ३ लाख १२ हजार होतात. गंमत अशी की विम्याचं संरक्षण दरवर्षी घटत जातं आणि २४० महिन्यांनी संपतं. दर वाढून मुदत ३०० महिन्यांच्या पुढे गेली असेल, तर शेवटची पाच वर्षं कर्ज आहे आणि विमा नाही. साधा टर्म इन्शुरन्स वेगळा घेतला तर बँक बदलली तरी सोबत येतो. म्हणूनच तो कुणी काउंटरवर सुचवत नाही.

घर बांधकाम चालू असलेलं घ्या. त्यात प्री-ईएमआय नावाचा खास आनंद आहे. बिल्डरला जेवढी रक्कम दिली गेली, तेवढ्याचं नुसतं व्याज तुम्ही भरायचं. मुद्दल जागचं हलत नाही. सरासरी २५ लाख उचललेले असतील तर महिन्याला १७,७०८, दोन वर्षांत सव्वाचार लाख आणि कर्ज तेवढंच्या तेवढं. पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता सुरू करा असं सांगता येतं, पण मग सध्याचं घरभाडं आणि हप्ता दोन्ही भरावं लागतं. ताबा 'डिसेंबरमध्ये' मिळणार आहे, कोणत्या ते विचारू नका. महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची वाढवून घेतलेली तारीख दिसते, म्हणून ते संकेतस्थळ बघायचं नाही.

आणि टॅक्स वाचतो की! हे वाक्य कर्ज घेणाऱ्याच्या तोंडी शोभून दिसतं. पहिल्या वर्षी व्याज गेलं ४ लाख २१ हजार. राहत्या घरासाठी वजावट जास्तीत जास्त २ लाख, तीही जुन्या करप्रणालीत. ३० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर सेससकट ६२,४०० वाचले. २०२३-२४ पासून नवी प्रणाली आपोआप लागू असते आणि तिच्यात राहत्या घराच्या व्याजाला वजावट शून्य. तरी वाक्य म्हणत राहा, कुणी तपासत नाही.

स्वतःची रक्कम किती लागेल, याचा अंदाज बांधताना फ्लॅटच्या किमतीतून कर्ज वजा करा आणि बाकी काही धरू नका. पुण्यातला ६५ लाखांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट, कर्ज ५० लाख. म्हणजे १५ लाख आपले. बस. मुद्रांक शुल्क ७ टक्के म्हणजे ४ लाख ५५ हजार, नोंदणी ३० हजार, जीएसटी ५ टक्के म्हणजे सव्वातीन लाख; ही ८ लाख १० हजारांची बेरीज ऐन वेळी कळली की पर्सनल लोन आहेच, चढ्या दराने. फ्लॅट फक्त बायकोच्या नावावर घेतला तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत मिळते, म्हणजे ६५ हजार. नवऱ्याचं नाव जोडलं की सवलत गेली. पाटीवर कुणाचं नाव, हा प्रश्न मात्र ६५ हजारांहून महाग असू शकतो, त्यात आम्ही पडत नाही.

बोनस आला तर काय करायचं, हे नीट ऐका. दुसऱ्या वर्षाच्या शेवटी २ लाख जादा भरले तर शेवटचे सुमारे २० हप्ते उडतात. २० गुणिले ४३,३९१ म्हणजे साडेआठ लाखांहून अधिक. २ लाखांत साडेआठ लाख! बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतपूर्व परतफेडीचा दंडही लावता येत नाही. इतकी सोपी गोष्ट करण्यात पुरुषार्थ काय? आणि भरलेच पैसे, तर फॉर्मवर 'हप्ता कमी करा' यावर खूण करा, 'मुदत कमी करा' यावर नको. म्हणजे पैसेही जातील आणि बँकेची साथही वीस वर्षं सुटणार नाही.

त्यापेक्षा पाचव्या वर्षी टॉप-अपचा, म्हणजे चालू गृहकर्जावर वाढीव कर्जाचा, फोन येईल, तो उचला. 'सर, तुमचं ट्रॅक रेकॉर्ड फार चांगलं आहे.' पाच लाख घ्या, सोफा, वॉर्डरोब आणि फॉल्स सीलिंग करा. उरलेल्या १५ वर्षांत त्याचे ८ लाख ८६ हजार होतील. सोफ्याचा फोम सातव्या वर्षी बसतो, हप्ता पंधराव्या वर्षापर्यंत ताठ उभा असतो. घर जुनं होतंच. सोसायटीच्या आदर्श उपविधीत बांधकाम खर्चाच्या वर्षाला पाऊण टक्का दुरुस्ती निधी आणि पाव टक्का सिंकिंग फंड (इमारतीच्या मोठ्या कामांसाठी साठवायचा) सांगितलाय, पण त्या ठरावाला सर्वसाधारण सभेत हात वर करून विरोध करा. गळती सुरू झाली की दोन-तीन लाखांची एकदम वर्गणी निघेल, तेव्हा पुन्हा टॉप-अप.

इतकं करूनही कर्ज फिटलंच, तर शेवटची काळजी तेवढी घ्या. कर्ज देताना बँकेने ठेवून घेतलेल्या मूळ कागदांची यादी, एलओडी म्हणतात ती, तोवर हरवलेली असू द्या. सगळं फेडल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे आणि बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यायची, असा रिझर्व्ह बँकेचा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. पण कोणते कागद दिले होते हेच सांगता येत नसेल तर भांडणार कशावर? नो ड्यूज पत्र सोसायटीच्या सेक्रेटरीला देऊन भागपत्रावरचा (शेअर सर्टिफिकेटवरचा) बोजा काढून घ्यायचा असतो, सरसाईच्या, म्हणजे गहाण मालमत्तांच्या, केंद्रीय नोंदवहीतली नोंद मिटली का तेही पाहायचं असतं. तो व्याप करू नका. पंधरा वर्षांनी मुलगा फ्लॅट विकायला काढेल, गिऱ्हाइकाचा वकील बोजा शोधून काढेल आणि मुलगा ती बँक शोधायला निघेल. देना बँक २०१९ मध्ये बडोदा बँकेत गेली, सिंडिकेट बँक २०२० मध्ये कॅनरात. तुमची बँक तोवर कुठे गेलेली असेल, ते त्याचं तो शोधेल.