मुसन्नाची वाळू आणि आमची पुळण

गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर गेले पंधरा दिवस रण माजलं आहे. विषय एकच. सुरूच्या बनापुढे पुळणीवर, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूवर, पेव्हर ब्लॉक टाकून पर्यटकांच्या गाड्यांसाठी जागा करायची की नाही? एक पक्ष म्हणतो, गाड्या थांबल्या तर माणसं थांबतील, माणसं थांबली तर घरटी दोन खोल्या लागतील आणि पोरं मुंबईला जायची थांबतील. दुसरा पक्ष सीआरझेडच्या, म्हणजे किनाऱ्यालगतच्या बांधकामावर बंधनं घालणाऱ्या पट्ट्याच्या, नकाशाचे फोटो टाकतो, ते कोणी उघडत नाही. तिसरा पक्ष म्हणजे सोळा ते बावीस वयाची पोरं. ओहोटीला त्याच जागी त्यांचं व्हॉलीबॉल आणि फुटबॉल चालतं. ती ग्रुपवर आहेत, पण मोठ्यांच्या भांडणात अंगठ्याच्या चित्रापलीकडे जात नाहीत.

मध्येच कोणीतरी दीवची आठवण काढली आणि वाद भलतीकडे गेला. जानेवारी 2024 मध्ये दीवच्या घोघला किनाऱ्यावर राष्ट्रीय पातळीच्या बीच गेम्स झाल्या. त्यात पहिला आला मध्य प्रदेश, ज्याला समुद्रच नाही. पुढच्या वर्षी मे महिन्यात तिथेच पहिल्या खेलो इंडिया बीच गेम्स झाल्या, त्यात मणिपूर अव्वल. त्यालाही समुद्र नाही. मग ग्रुपवर ठरलेले दोन सूर लागले. ‘महाराष्ट्राला सातशेहून जास्त किलोमीटर किनारा असून आपण काय करतो?’ हा एक. ‘वाळूतले खेळ म्हणजे सुट्टीतली मजा, त्यात कसली पदकं’ हा दुसरा. शेवटी कुणीतरी मला ओढलं: ‘मस्कतकर, तुमच्याकडे काय करतात ते सांगा जरा.’

मी मस्कतला आलो त्याला सोळा वर्षं झाली. ‘तुमच्याकडे’ म्हटलं की अजूनही क्षणभर कळत नाही, कुठल्या गावाबद्दल विचारताहेत.

तर ओमान. क्षेत्रफळ जवळजवळ महाराष्ट्राएवढं, अगदी दीड-दोन हजार चौरस किलोमीटर इकडचं तिकडे. पण 2020 च्या जनगणनेत इथे माणसं मोजली ती 45 लाखांच्या आत, आणि त्यातले ओमानी नागरिक 27 लाखांच्या आसपास. 2011 साली एकट्या पुणे शहरात या ओमानी नागरिकांहून जास्त लोक होते. एवढ्या लोकांमधून राष्ट्रीय संघ काढायचा म्हणजे काय ते आपल्याला चटकन कळत नाही. आपल्याकडे निवड म्हणजे गर्दीतून गाळणं. इथे निवड म्हणजे आहेत त्यांना धरून ठेवणं.

डिसेंबर 2010 मध्ये दुसऱ्या आशियाई बीच गेम्स मस्कतला भरल्या. पहिल्या 2008 साली बालीला झाल्या होत्या. मी इथे नवा होतो, गाडी घेऊन चारच महिने झाले होते, आणि तेव्हा सुट्टी गुरुवार-शुक्रवारची असे. आम्ही चौघे मराठी गडी बरका ओलांडून बातिनाच्या किनाऱ्याने मुसन्नाला गेलो. मस्कतपासून शंभरएक किलोमीटर. या स्पर्धांसाठीच तिथे क्रीडानगरी उभारलेली, धक्का नवा, खजुराची झाडंही आणून लावलेली. चौदा खेळ होते. फुटबॉल, हँडबॉल, व्हॉलीबॉल, शिडाच्या होड्या हे ठीक. पण घोड्यावरून दौडत येऊन जमिनीतली खुंटी भाल्याने उचलायची, हाही त्यात होता. ओमानी प्रेक्षक कुठल्याही फुटबॉल सामन्याइतकेच त्याला उठून उभे राहत होते. यजमानांनी आपल्या घरचा खेळ पाहुण्यांच्या ताटात वाढला होता. आणि आमच्या घरचाही होता, कबड्डी. वाळूवर एका बाजूला चारच गडी. शेजारी बसलेल्या ओमानी आजोबांनी विचारलं, हा माणूस श्वास का रोखून धरतो? आम्ही चौघांनी मिळून मोडक्या अरबीत दम, पकड, निदान रेषा समजावली. त्यांनी मान डोलावली आणि म्हणाले, म्हणजे तुम्ही कर्जदाराच्या घरी जाऊन हात लावून पळून येता. याहून चांगलं वर्णन मी नंतर ऐकलं नाही.

पण मला सांगायचं आहे ते फुटबॉलबद्दल.

वाळूवरच्या फुटबॉलमध्ये गोलकीपर धरून पाच खेळाडू, पाय अनवाणी, बारा-बारा मिनिटांचे तीन डाव. वाळू किमान 40 सेंटिमीटर खोल लागते. तिच्यात चेंडू घरंगळत नाही, रुततो. त्यामुळे हिरवळीवर शिकलेला अर्धा खेळ इथे निकामी. चेंडू अंगठ्याने खणून उचलायचा, हवेतच खेळवायचा, पाठीवर पडत डोक्यावरून किक मारायची. फ्री किकला समोर भिंत उभी करायची नाही. हे प्रशिक्षण शिबिरात शिकवता येतं, नाही असं नाही. पण ज्याच्या पावलांना सातव्या वर्षापासून वाळू ठाऊक आहे त्याच्याशी गाठ पडली की शिबिरवाल्याची पोटरी दुसऱ्या डावात बोलायला लागते.

ओमानला अशी पावलं आयती मिळतात. सीब, सुवैक, सोहार, कुठेही संध्याकाळी जा. ओहोटीचं पाणी मागे सरलं की ओली, घट्ट वाळू उघडी पडते आणि अर्ध्या तासात तिच्यावर ओळीने दहा-बारा मैदानं उभी राहतात. गोलाचे खांब पाइपाचे, नाहीतर चपलांचे. गावोगावचे हौशी संघ असतात, त्यांना इथे ‘फरीक’ म्हणतात. आमच्या साइटवरचा सुवैकचा एक फोरमन पंचेचाळिशीतही आपल्या फरीकच्या गोलात उभा राहतो. त्याच्या मोबाइलमध्ये नमाजाच्या वेळांशेजारी भरती-ओहोटीच्या वेळा असतात. त्याच किनाऱ्यावर सकाळी जाळी ओढतात, तारल्या वाळत घालतात. वास येतो. पण संध्याकाळी वाळू मोकळी. ती कोणाची, हा प्रश्न मी कधी कोणाला विचारताना ऐकलं नाही.

या रोजच्या खेळातून संघ आला. मार्च 2015 मध्ये दोह्यात त्याने जपानला पेनल्टीवर हरवून आशियाचं विजेतेपद घेतलं. मोठ्या, अकरा जणांच्या फुटबॉलमध्ये ओमान कधी आशियाई विजेता झालेला नाही. वाळूवर झाला. पुष्कळ वर्षं संघाचा प्रशिक्षकही ओमानीच होता, तालिब हिलाल. बाहेरचा मोठा माणूस आणला नाही.

मी या संघाचा चाहता आहे. आणि गंमत अशी की हा इथला असा संघ आहे, ज्यात माझ्यासारखं कोणी नाही. क्रिकेटमध्ये उलट. ओमानचा क्रिकेट संघ म्हणजे दिवसा नोकरी करून संध्याकाळी मस्कतजवळच्या अल अमिरात गावच्या मैदानावर धावणारे भारतीय आणि पाकिस्तानी. त्यात वाटेगावकर, खड्ये अशी आडनावंही येऊन गेली. सप्टेंबर 2025 मध्ये आशिया कपात या संघाने अबुधाबीला भारताच्या 188 धावांचा पाठलाग करत 167 पर्यंत मजल मारली, तेव्हा आमच्या बैठकीच्या खोलीत कोणाला टाळ्या वाजवाव्यात हे मुलांना सुचत नव्हतं. वाळूच्या संघापुढे तो घोटाळा नाही. तो संघ त्यांचा, मी बाहेरचा, आणि मी टाळ्या वाजवतो. परक्याच्या घरचं चांगलं पाहताना हेवा न वाटण्याइतकं अंतर असलं की बरं असतं.

इथवर लिहून ग्रुपवर टाकलं असतं तर तिसऱ्या पक्षाने हार घातला असता. पण मग अर्धंच सांगितल्यासारखं झालं असतं.

मुसन्नाच्या स्पर्धा 16 डिसेंबरला संपल्या. दोन-अडीच महिन्यांत, फेब्रुवारी 2011 च्या शेवटी, त्याच बातिना किनाऱ्यावर पुढे सोहारच्या चौकात तरुण पोरं ठाण मांडून बसली. मागणी होती नोकऱ्यांची. भ्रष्टाचाराविरुद्ध घोषणा होत्या, माणूसही दगावला. ओमानचे तेव्हाचे सुलतान काबूस यांनी 50,000 नोकऱ्या देण्याचं जाहीर केलं. त्या चौकातल्या किती जणांनी आदल्या संध्याकाळी वाळूवर फुटबॉल खेळलं असेल, देव जाणे. क्रीडानगरीवर किती खर्च झाला, हे स्पर्धेआधी कोणी चौकात विचारलेलं मला आठवत नाही. इथे तशी रीत नव्हती. क्रीडानगरी पुढे वाया गेली नाही, हेही खरं. खेळाडूंच्या निवासाचं हॉटेल झालं, धक्क्यावर शिडाच्या होड्यांची शाळा चालते, नोव्हेंबर 2021 मध्ये तिथे त्या खेळातल्या काही प्रकारांची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली. पण ती चांगली निघाली, हा नशिबाचा आणि नीट कारभाराचा भाग. वाईट निघाली असती तरी ऐकवायला व्हॉट्सॲप ग्रुप नव्हता.

आणि संध्याकाळच्या त्या दहा-बारा मैदानांवर मुली मला क्वचितच दिसल्या. आमच्या पुळणीवर शाळेच्या मुलींची कबड्डी मी लहानपणी पाहिली आहे, चुलत बहीण तर चढाईत माझं बनियन फाडून गेली होती. भारताच्या मुलींनी या आशियाई बीच गेम्समधून कबड्डीची सुवर्णं आणली आहेत. तेव्हा ‘ओमानसारखं करा’ असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

मध्य प्रदेशाची लाज वाटून घ्या, हेही मला पटत नाही. त्यांनी वाळू ट्रकने आणली असेल, खड्डा भरला असेल, प्रशिक्षक नेमले असतील. पदक असंही मिळतं, आणि ज्याच्याकडे समुद्र नाही त्याने असंच मिळवावं. त्यातून आपल्याकडे निघालेला निष्कर्ष मात्र उफराटा आहे. आता आपणही तालुक्याला एकेक वाळूचा खड्डा करू, टेंडर काढू, उद्घाटन करू, म्हणे. ज्यांच्या दाराशी मैलभर पुळण आहे त्यांनी तिच्यावर ब्लॉक बसवायचे आणि क्रीडासंकुलात वाळू विकत आणून टाकायची!

आमच्या पुतण्याने परवा फोनवर वेगळंच विचारलं. तो व्हॉलीबॉल चांगला खेळतो, एकोणीस वर्षांचा आहे.

‘काका, बीच व्हॉलीबॉलचं प्रमाणपत्र पाच टक्क्यांत धरतात काय हो?’

पाच टक्के म्हणजे सरकारी नोकरीतलं खेळाडूंचं आरक्षण. मी म्हटलं, नियम बघावा लागेल, कुठल्या पातळीची स्पर्धा, कितवा क्रमांक, सगळं लागतं. बोगस प्रमाणपत्रांची प्रकरणं निघाल्यापासून पडताळणीही कडक झाली आहे.

‘मग खेळू की नको?’

सोहारच्या चौकातल्या पोरांनाही बहुतेक हाच प्रश्न पडला असणार. मी त्याला म्हटलं, ‘सुकती किती वाजता आहे आज?’ तो हसला. ‘पाचला. पण परवा पौर्णिमा झाली, उधाण मोठं आहे, पाणी लांब जाईल.’ हे त्याला मोबाइल बघून सांगावं लागलं नाही. मला इथे लागतं.

मग त्याने एक फोटो पाठवला. आदल्या रविवारी पुण्याची एक मोठी काळी गाडी हौसेने ओल्या वाळूत उतरली आणि चाकं रुतली. भरती लागायच्या आत ती ओढायला पोरांनी व्हॉलीबॉलची जाळी सोडून तिचा दोर वापरला. दोर तुटला. गाडी शेवटी ट्रॅक्टरने काढली. मालकाने पाचशे रुपये दिले, जाळीचे नाही, ट्रॅक्टरचे. ‘पेव्हर ब्लॉकमुळे निदान हे तरी थांबेल,’ असं पहिला पक्ष म्हणतो, आणि त्यात अगदीच तथ्य नाही असं नाही. गाड्या येणार आहेत. कुठेतरी थांबणार आहेत. खोल्या भाड्याने गेल्या तर पुतण्याला पाच टक्क्यांचा विचार कमी करावा लागेल, हेही खरं.

तेव्हा मी ग्रुपवर लिहिलं की जागा करा, पण रस्त्याच्या वरच्या अंगाला, सुरूच्या मागे. पुळण जशी आहे तशी राहू द्या. रापण, म्हणजे मासेमारीचं लांब जाळं, ओढायला लागते ती जागा, पोरांनाही लागते, आणि एकदा ब्लॉक बसले की दोन पावसाळ्यांत समुद्र ते उचकटून टाकेल, मग बंधारा मागावा लागेल. परदेशी बसून शहाणपण सांगणाऱ्याच्या मानाने बरं लिहिलं, असं मला वाटलं. सव्वीस अंगठे आले.

सत्ताविसावा निरोप पुतण्याचा होता, आणि ग्रुपवर नाही, मला एकट्याला. रस्त्याच्या वरच्या अंगाला, सुरूच्या मागे, सोयीची म्हणावी अशी जागा एकच आहे. अकरा गुंठे पडीक, करवंदीची जाळी माजलेली, सातबाऱ्यावर माझं आणि मुंबईच्या भावाचं नाव. ‘ग्रामसभा येत्या सोमवारी आहे,’ त्याने लिहिलं होतं. ‘आपली देऊ काय?’

भावाला मी तो निरोप पुढे पाठवला आहे. दोन निळ्या खुणा दिसतात. उत्तर नाही. आणि खरं सांगायचं तर त्याचं उत्तर लवकर यावं असं मलाही फार वाटत नाही.