म्हणे इंग्रजांनी इग्बोंना न्याय शिकवला!

भाचीने परवा तिच्या बीएच्या ग्रुपवर फिरणारी एक तयार नोट पाठवली, "मामा, हेच लिहू ना पेपरात?" म्हणून. नोटेचं म्हणणं असं की नायजेरियातल्या इग्बो लोकांना राजा नव्हता म्हणजे कायदाच नव्हता, जुळी पोरं जंगलात टाकायचे, इंग्रजांनी कोर्ट आणून न्याय दिला आणि हे खुद्द इग्बो लेखक चिनुआ अचेबेनेच 'थिंग्ज फॉल अपार्ट' या कादंबरीत (१९५८) मान्य केलंय.

पुस्तक उघडलं तरी होतं का लिहिणाऱ्याने?

राजा नव्हता, बरोबर. पण पेरणीआधीच्या शांततेच्या आठवड्यात (तेव्हा कुणावर हात उचलायचा नाही) बायकोला मारलं म्हणून कादंबरीचा नायक ओकोंक्वो याच्यासारख्या दांडग्यालाही शेळी, कोंबडी, कापड आणि १०० कवड्या भराव्या लागतात, आणि चुकून बंदूक उडून गावातला एक पोरगा मेला तर ७ वर्षं गाव सोडावं लागतं.

आता ते कोर्ट. उझोवुलू बायकोला मारतो, तिचे भाऊ तिला घेऊन जातात, खटला उभा राहतो. नऊ एग्वुग्वू, म्हणजे पूर्वजांचे मुखवटे चढवलेले गावातलेच मोठे लोक, दोन्ही बाजू ऐकून घेतात आणि त्यालाच सांगतात की ताडी घेऊन सासुरवाडीला जा, बायकोच्या विनवण्या कर. (बोलतो तिचा भाऊ, ती नाही. अचेबे हेही लपवत नाही.) आणि साहेबाचा न्याय? बोलणी करू म्हणून सहा पुढाऱ्यांना बोलावलं, बेड्या ठोकल्या, २०० पोती कवड्या दंड लावला, वर कोर्टाच्या शिपायांनी गावात जाऊन २५० सांगितला, मधली ५० त्यांच्या खिशात! आबामे गावात तर एका गोऱ्याच्या खुनापायी भर बाजारात गोळ्या घातल्या, आणि हे निव्वळ कल्पनेतलं नाही, १९०५ मध्ये इग्बो भागातल्या अहियाराकडे डॉ. स्ट्युअर्ट नावाचा गोरा मारला गेल्यावर इंग्रजांनी त्या भागावर खरोखरच फौज धाडली होती.

जुळ्यांचं खरंय, मान्य. मिशनने त्यांना आणि वाळीत टाकलेल्या ओसूंना जवळ केलं हेही खरं. पण मग अचेबेचंच १९६० चं 'नो लाँगर अ‍ॅट ईज' पण वाचा ना, त्यात ओकोंक्वोचा ख्रिश्चन झालेला मुलगा म्हातारपणी स्वतःच्या पोराला ओसू मुलीशी लग्न करू देत नाही. ओसू प्रथेवर कायद्याने बंदी आली १९५६ मध्ये, तीही तिथल्याच विधानसभेने घातलेली.

भाचीला सांगितलंय, 'थिंग्ज फॉल अपार्ट'चं दहावं आणि तेविसावं प्रकरण वाच आणि मग लिही. नोट तिने अजून डिलीट केलेली नाही.